पिशवीतला दुसरा दिवा

रसग्रहण करायचं ते कवितेचं, कथेचं, फार तर एखाद्या चित्राचं, असा आपल्याकडचा रिवाज. मी करणार आहे ते एका भाषणाचं. भाषणही असं, की सगळा मजकूर एका पोस्टकार्डावर मावेल. समाजकार्याच्या वर्गावर हा प्रसंग मी इतक्या वेळा सांगितला, की पुढे पुढे मी ‘जामखेड’ म्हणताच मागच्या बाकांवरच्या मुली हाताने काडी ओढल्याची खूण करायच्या. तरीही दर वेळी सांगताना त्यातली एखादी नवी घडी उलगडायची. आता निवृत्तीनंतर त्या सगळ्या घड्या एकदा उन्हात पसराव्यात, एवढाच या लेखाचा उद्देश.

प्रसंग असा. साल १९८८. वॉशिंग्टनमध्ये आरोग्यविषयक आंतरराष्ट्रीय परिषद भरलेली. तिथे बोलायला उभ्या राहतात मुक्ताबाई पोळ, नगर जिल्ह्यातल्या जामखेडच्या प्रकल्पात घडलेल्या एक गाव-आरोग्य कार्यकर्त्या. त्या आधी सभागृहाचं कौतुक करतात. दालन सुंदर आहे, वरची झुंबरं बघत राहावीत अशी आहेत. पण ती बघायची तर हजारो मैल तुडवून इथे यावं लागतं. डॉक्टर या झुंबरांसारखे असतात, त्या म्हणतात. देखणे, महागडे आणि हाताला न लागणारे. मग त्या पिशवीतून वातीचे दोन साधे दिवे काढतात. एक पेटवतात. हा स्वस्त आहे, साधा आहे, पण झुंबराला जमत नाही ते याला जमतं. आपला उजेड दुसऱ्याला देता येतो. असं म्हणून पहिल्या दिव्यावर दुसरा लावतात. मी या दिव्यासारखी आहे, माझ्यासारख्या बायका एकीकडून दुसरीकडे असा उजेड नेत पृथ्वीला वेढा घालतील, ‘सर्वांसाठी आरोग्य’ म्हणतात ते हेच. झालं भाषण. लोक उठून उभे राहतात, टाळ्या वाजवतात.

ऐकणारा म्हणतो, काय सुंदर उपमा! आणि तिथेच थांबतो. उपमा सुंदर आहे यात वादच नाही. पण दिव्याने दिवा लावणं आपल्याकडे इतकं झिजलंय, की शाळांच्या बोधचिन्हांपासून सेवापूर्तीच्या समारंभांपर्यंत ते कुठेही भेटतं. मला रस आहे तो बाई त्या उपमेपर्यंत कशा पोचल्या, त्या वाटेत.

पहिलंच वाक्य घ्या. दालन सुंदर आहे. पाहुण्याने करावं तसं हे औपचारिक कौतुक वाटतं, पण ज्याने कधी वस्तीत गृहभेट घेतलीय त्याचे कान इथेच टवकारतात. अनोळखी घराच्या उंबऱ्यात उभं राहिल्यावर नवशिक्याला आधी काय दिसतं? उघडी गटार, मुलाचं वाहणारं नाक, झाकण नसलेला हंडा. मुरलेल्या बाईला आधी सारवलेली भिंत दिसते, मांडणीवरची घासलेली पितळी भांडी दिसतात, आणि ती त्यांच्याबद्दल बोलते. इथे खरी मेख अशी, की ते कौतुक खरं असावं लागतं. घरच्या बाईला खोटी स्तुती चुलीच्या धुरासारखी लगेच कळते. मुक्ताबाईंचं झुंबरांचं कौतुक मला खरं वाटतं. ती झुंबरं त्यांना आवडली असणार. आवडली म्हणूनच त्यांना त्यांची नेमकी उणीव सापडली. नावडत्या गोष्टीत आपण उणिवा शोधतो तेव्हा त्या बहुधा ढोबळच सापडतात.

दुसरी घडी. झुंबर त्यांनी आणलेलं नाही, ते तिथेच होतं. गावात शिकवायला बसलेली कार्यकर्ती जे घरात आहे त्यावरूनच सुरू करते, समोरच्या रांजणावरून, पोराच्या हातातल्या भाकरीवरून, दारातल्या शेवग्यावरून. बाहेरून आणलेला तक्ता भिंतीला टांगला, की घर म्हणजे शाळा होते आणि आई म्हणजे विद्यार्थिनी. तिचा धिटाईने बोलणारा आवाज तिथेच खाली जातो. वॉशिंग्टनच्या दालनात रांजण नव्हता, झुंबर होतं. बाईंनी वर पाहिलं आणि त्याच्यावरूनच सुरुवात केली.

तिसरी घडी सगळ्यांत अवघड. त्यांना एक कडू गोष्ट सांगायची होती, आणि ज्यांना सांगायची ते बहुधा समोरच बसलेले होते. तुम्ही आमच्यापर्यंत येत नाही, आणि येता तेव्हा परवडत नाही. हे त्यांनी तोंडावर म्हटलं असतं तर कुणी रागावलं नसतं, मानाच माना डोलल्या असत्या. अशा परिषदांत खेड्यातल्या बाईच्या रागालाही टाळी मिळते. पण त्या टाळीने काही हललं नसतं. म्हणून त्यांनी ते झुंबराला सांगितलं. ‘लेकी बोले सुने लागे’ ही रीत आपल्या घराघरांत आहे, बहुतेक टोचण्यासाठी वापरली जाते. इथे ती मान राखून वापरलीय. गरोदर सून पोटभर जेवली तर मूल मोठं होईल आणि बाळंतपण अडेल, असं मानणाऱ्या सासूशी जी कार्यकर्ती ‘तुमचं चुकतंय’ असं बोलली तिचं त्या घरातलं काम संपलं. ती दुसऱ्याच कुणाच्या शेळीबद्दल बोलते, गाभण असताना आपण तिला चारा कमी घालतो का, असं विचारते, आणि सासूला स्वतःच उत्तर देऊ देते.

आणि चौथी घडी, हाताने करून दाखवणं. जुलाब झालेल्या मुलासाठी चिमूटभर मीठ नि मूठभर साखर पाण्यात घालायची, हे तोंडाने सांगायला दहा सेकंद लागतात. पण चिमूट कुणाची? मूठ केवढी? आईच्या हाताने ते पाणी तयार झालं, तिने ते चाखून पाहिलं, की मग ते तिचं होतं. मुक्ताबाईंनी ‘उजेड देता येतो’ एवढं म्हणून थांबायचं नाकारलं. काडी ओढली, वात पेटवली, दुसरी वात जवळ नेली. एवढ्या मोठ्या दालनात वात पेट घेईपर्यंतचे दोन-तीन क्षण किती लांब असतील याचा मी अनेकदा विचार केलाय. त्या क्षणांत कुणीही कागद चाळला नसणार.

आता चारही घड्या एकत्र ठेवल्या तर काय दिसतं? आधी कौतुक, मग घरातल्याच वस्तूवरून सुरुवात, कडू गोष्ट आडून, आणि शेवटी प्रात्यक्षिक. ही भाषणाची रचना मुळीच नव्हे. वक्तृत्वाच्या कुठल्याही वर्गात ती शिकवत नाहीत. ही गृहभेटीची रचना आहे. वॉशिंग्टनमध्ये बाईंनी भाषण केलंच नाही. त्या त्या दालनात गृहभेटीला गेल्या होत्या. घर जरा मोठं होतं, एवढंच.

मला या प्रसंगातून जे म्हणायचंय ते इथवर आलं. आमच्या अभ्यासक्रमांत व्यवसाय-कौशल्यं एका सत्रात असतात आणि नेतृत्व दुसऱ्या. आधी माणसाशी बोलायला शिका, गट बांधायला शिका, नोंदी ठेवायला शिका. मग बढती मिळाली, की पंचतारांकित नसलं तरी वातानुकूलित सभागृहात नेतृत्वविकासाची तीन दिवसांची कार्यशाळा. तिथे पडद्यावर नेतृत्वाचे प्रकार येतात, आपण कोणत्या प्रकारात बसतो ते ओळखायला एक प्रश्नावली येते, दुपारी जेवणानंतर डोळे मिटू नयेत म्हणून एक खेळ येतो. अशा काही कार्यशाळा मीही घेतल्यात, तेव्हा हसण्याचा अधिकार मला आहे. मुक्ताबाईंच्या त्या काही वाक्यांत मात्र अंगणात बोलायची कला आणि जगासमोर उभं राहण्याची ताकद यांच्यात सांधाच दिसत नाही. एकच कापड आहे.

ते विणलं कसं गेलं, ते जामखेडला जाऊन पाहावं लागतं. अहिल्याबाई होळकरांचं जन्मगाव चौंडी ज्या तालुक्यात, तोच हा अवर्षणाचा तालुका. डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे १९७० साली इथे आले. दोघेही वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजातून शिकलेले, अमेरिकेत पुढचं शिक्षण झालेलं. त्यांची पहिली योजना अगदी शहाण्या माणसाला सुचेल अशी होती, गावोगाव प्रशिक्षित नर्स बसवायची. ती फसली. तरुण, एकट्या, बाहेरून आलेल्या मुलींना खेड्यात राहवेना, आणि गावातल्या अनुभवी बायका त्यांचं ऐकेनात. ज्या पोरीला स्वतःचं मूल नाही ती मला बाळंतपण शिकवणार? प्रश्न उद्धट असेल, पण गैरवाजवी नाही.

मग गावानेच आपल्यातली एक बाई निवडायची असं ठरलं. आलेल्या बायकांपैकी बऱ्याच जणींना अक्षरओळख नव्हती, अनेक जणी दलित होत्या, काही नवऱ्याने टाकलेल्या. दर आठवड्याला त्या जामखेडला येत, एकत्र जेवत, एकत्र झोपत आणि शिकत. जातीची उतरंड पक्की असलेल्या काळात हे एकत्र जेवणं हाच पहिला धडा होता. शिकण्याची पद्धत साधी. एखादा विषय बोलायचा, एकमेकींना म्हणून दाखवायचा, गाण्यात बसवायचा, गावात जाऊन करून पाहायचा, आणि पुढच्या आठवड्यात काय फसलं ते येऊन सांगायचं. जुन्या झालेल्या बायका नव्यांना शिकवत. पुढे १९९४ साली तिथे आंतरराष्ट्रीय प्रशिक्षण संस्था उभी राहिली, तेव्हा देशोदेशीच्या डॉक्टरांना शिकवायलाही याच बायका बसल्या.

इथे मला आमच्या धंद्यातली एक गंमत दिसते. देशात व्यावसायिक समाजकार्याचं शिक्षण सुरू झालं ते १९३६ साली मुंबईच्या नागपाड्यात. क्लिफर्ड मॅन्शार्ट नावाच्या अमेरिकन माणसाने चालवलेल्या नागपाडा नेबरहुड हाऊसच्या आवारात सर दोराबजी टाटा यांच्या नावाची शाळा निघाली. तिचंच पुढे टाटा इन्स्टिट्यूट झालं. शाळा वस्तीतच सुरू झाली, ही फार मोलाची गोष्ट होती. तेव्हापासून आमची घडी अशी, की आठवड्याचे बहुतेक दिवस वर्ग आणि उरलेले ‘फिल्ड’. जामखेडच्या बायकांनी ही घडी उलटी केली. त्यांचा सगळा आठवडा फिल्ड, आणि वर्ग तेवढ्यापुरता. आमची मुलं वर्गात शिकलेलं वस्तीत लावायला जातात; त्या वस्तीत अडलेलं घेऊन वर्गात येत. दोन्हीत आठवडा तोच सात दिवसांचा, पण प्रश्न कुणाकडून निघतो ते बदललं की शिकणं बदलतं.

आमच्याकडे हे साधायचं एक साधन होतं, अजूनही आहे. विद्यार्थ्याने फिल्डवरून आल्यावर झालेलं संभाषण शब्दाला शब्द लिहून काढायचं आणि पर्यवेक्षकाबरोबर बसून त्यावर बोलायचं. आमच्या भाषेत याला ‘आयसी’ म्हणतात; गटाने बसलं की ‘जीसी’. असे हजारभर अहवाल मी वाचले असतील. त्यांतलं सर्वांत लाडकं वाक्य एकच. ‘मी आईला स्वच्छतेचं महत्त्व पटवून दिलं.’ एका मुलीच्या वहीत या वाक्याखाली मी लाल शाईने ‘कसं?’ असं लिहिलं.

“म्हणजे सांगितलं, मॅडम.”

“मग त्या काय म्हणाल्या?”

“काही नाही. ‘हो’ म्हणाल्या.”

“किती वेळा?”

तिने वही पाहिली. “चार.”

“अगं, चार वेळा ‘हो’ म्हणजे ‘बाई, आता ऊठ’.”

मुलगी हिरमुसली, पण पुढच्या खेपेच्या अहवालात आईची चार वाक्यं होती आणि तिची स्वतःची एकच. पर्यवेक्षण यापलीकडे फारसं काही नसतं, असं माझं मत झालंय. मात्र त्यासाठी शेजारी बसायला वेळ लागतो, आणि आता एका शिक्षकामागे इतके विद्यार्थी असतात की आयसीत नुसती वहीवर सही होते.

जामखेडमधली आणखी एक गोष्ट मला फार आवडते, ती व्हॉलीबॉलची. आरोळ्यांना गावातल्या पुरुषांशी बोलायचं होतं. सभा बोलावली तर पाटलाच्या ओट्यावर ठरावीक माणसं येणार आणि ठरावीकच बोलणार. त्यांनी जाळी बांधली. तरुण खेळायला आले, सगळ्या जातींचे आले, खेळ झाल्यावर गप्पा झाल्या, आणि त्या गप्पांतून शेतकऱ्यांची मंडळं उभी राहिली. गटकार्याच्या पुस्तकात या पद्धतीला बरीच मोठी नावं आहेत. माझं लक्ष खेळाच्या नियमाकडे जातं. व्हॉलीबॉलमध्ये सर्व्हिस मिळाली की जागा फिरतात. प्रत्येकाला जाळीपाशी यावं लागतं, प्रत्येकाला मागे जावं लागतं. क्रिकेट निवडलं असतं तर बॅट ज्याची तोच कर्णधार झाला असता.

पुन्हा दिव्याकडे येते. इंग्रजीत तो ‘विक लॅम्प’ म्हणून आलाय, आणि मराठी कान लगेच अडखळतो. कोणता दिवा? पणती म्हटलं की दिवाळी आली, समई म्हटलं की देवघर, निरांजन म्हटलं की आरती. रॉकेलची चिमणी म्हटलं की वीज नसलेल्या घराची काळवंडलेली भिंत आली. माझ्या मनात ती पणतीच असते, बहुधा तिची आणि झुंबराची किंमत शेजारी शेजारी ठेवायला बरं वाटतं म्हणून. पणती गावातच घडते, आणि फुटली तर तिचं दुःख होत नाही.

आणि या प्रतिमेमागे आपला एक जुना मोठा माणूस उभा आहे. ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायात कृष्ण अर्जुनाला मिठी मारतो तेव्हा ज्ञानेश्वरांना दिव्याने दिवा लावणं आठवतं. ते असं सांगतात, की दोघांतलं वेगळेपण न मोडता एकाने दुसऱ्याला आपल्यासारखं केलं. प्रतिमेचा सगळा अर्थ त्या ‘न मोडता’मध्ये आहे. दुसरा दिवा पेटला तरी पहिला पहिलाच राहतो, दुसरा दुसराच. मुक्ताबाई डॉक्टर झाल्या नाहीत. पांढरा कोट घातला नाही, डॉक्टरी भाषा उचलली नाही. प्रशिक्षणातून बाहेर पडणाऱ्या आमच्या कितीतरी मुलांचं उलटं होतं; महिनाभरात ती ‘लाभार्थी’, ‘हस्तक्षेप’, ‘क्षमताबांधणी’ असं बोलू लागतात, आणि आपल्या मावशीशी बोलतानाही तसंच बोलतात. उजेड मिळाला, पण वात गेली.

उपमेचा शेवटही नीट पाहण्यासारखा आहे. ‘सर्वांसाठी आरोग्य’ ही घोषणा जगभर गाजली ती १९७८ सालच्या अल्मा-आटा परिषदेतून. जगभरच्या सरकारांनी ती २००० सालापर्यंतचं उद्दिष्ट म्हणून स्वीकारली होती. म्हणजे ती वरून खाली आलेली होती. गंमत अशी, की जागतिक आरोग्य संघटनेने परिषदेच्या तीन वर्षं आधी, १९७५ साली, काढलेल्या एका पुस्तकात जामखेडवर एक प्रकरण होतं. या बायकांच्या कामाचा धागा त्या घोषणेच्या विणीत आधीपासूनच होता. वॉशिंग्टनमध्ये मुक्ताबाईंनी ती घोषणा अगदी शेवटी उच्चारली, आणि तिच्याकडे बोट दाखवल्यासारखं ‘ते हेच’ म्हटलं. उसनं नेलेलं पातेलं शेजारणीने परत आणावं तसं.

इतकं कौतुक केल्यावर एक खोड काढायलाच हवी. दिव्याला तेल लागतं, आणि उपमेत तेल नाही. जामखेडच्या बाईमागे एक फिरतं पथक होतं, ज्यात नर्स असे, समाजकार्यकर्ता असे, वेळेला डॉक्टर असे. त्याच्यामागे अडलेल्या बाळंतपणाला शस्त्रक्रिया करणारं रुग्णालय होतं. कोणती बाई आपल्या हाताबाहेरची आहे हे ओळखणं आणि तिला वेळेत गाडीत बसवणं हेही कार्यकर्तीचं कौशल्यच होतं. म्हणजे प्रत्यक्षात झुंबर आणि पणती एकाच घरात होती, आणि त्यांच्यात येणं-जाणं होतं. प्रकल्पाच्या गावांत १९७१ साली हजारामागे १७६ असलेला अर्भकमृत्युदर नव्वदीच्या दशकात पंचविशीच्या आसपास आला, तो त्या दोघांनी मिळून. टाळ्यांच्या कडकडाटात हे हरवतं, आणि हरवलं की सरकारला सोयीचं होतं. २००५ पासून गावोगाव आशा कार्यकर्त्या नेमल्या गेल्या, आज त्या दहा लाखांच्या घरात आहेत. २०२२ साली जागतिक आरोग्य संघटनेने त्यांचा गौरव केला, तोही नेतृत्वाच्या पुरस्काराने. त्यानंतरही महाराष्ट्रातल्या आशांना मोबदल्यासाठी आझाद मैदानात बसावं लागलं. पणती स्वस्त असते या वाक्याचा असाही अर्थ लावता येतो, आणि तो लावणारे हुशार असतात.

हा दोष मुक्ताबाईंच्या माथी मारणं मात्र अन्याय होईल. काही वाक्यांत सगळं मावत नाही. शिवाय त्यांनी जे केलं त्यातली एक बारीक गोष्ट मला फार उशिरा दिसली. वर्गात एकदा दोन पणत्या घेऊन मी हा प्रसंग करून दाखवायला गेले. पहिली पेटवली, आणि दुसरी शोधते तर टेबलावर नाही. घरीच राहिली होती. एकच पणती हातात धरून मी बोलत राहिले, मुलांनी समजून घेतलं, पण वर्गात काही घडलं नाही. मी नुसती तुलना केली होती, महाग उजेड आणि स्वस्त उजेड. तेव्हा ध्यानात आलं, की झुंबरं बाईंना तिथे पोचल्यावर दिसली, कौतुक तिथे सुचलं, त्यावरून डॉक्टरही तिथेच आठवले असतील; पण दुसरा दिवा मात्र त्यांनी सामान भरतानाच पिशवीत ठेवला होता.